काळूला अंगपट्ट्याची सवय लावली, त्याची गोष्ट

नमस्कार मैत्रिणींनो, आणि घरात रेडिओ लागलाय म्हणून नाइलाजानं ऐकत बसलेल्या दादांनो, तुम्हालाही नमस्कार. आज आमचा बचत गट बोलायला आलाय तो कुत्र्याबद्दल. हसलात ना? इकडं येताना एसटीतल्या बायाही हसल्या. म्हणाल्या, "मागल्या खेपेला शेळ्यांवर बोललात, त्याआधी पापडावर, आता कुत्र्यावर?" आम्ही म्हटलं, हो बाई, त्या शेळ्या रात्री राखतं कोण?

गेल्या वर्षी गावात कुत्र्यांना रेबीजची लस टोचायचं शिबिर लागलं. आम्ही गटात चौदा जणी, आणि आमच्या दारात मिळून अकरा कुत्री. सगळ्यांची टोचून घ्यायची असं मासिक बैठकीत ठरलं, वहीत ठरावही लिहिला. शिबिराच्या दिवशी सकाळी जिच्या तिच्या हातात दावं, कुणाच्या हातात गाईची साखळी, कुणी तर साडीचा काठ फाडून आणलेला. गळ्यात अडकवलं आणि निघाल्या ओढत शाळेच्या पटांगणाकडं. ज्या कुत्र्याच्या गळ्याला जन्मात दोरी लागली नाही, ते काय करणार? कुणी चारी पाय रोवून बसलं, कुणी लोळलं. काहींचा तर श्वास कोंडून घरघर लागली. पटांगणात पोचली ती फक्त चार.

आमच्या थोरल्या अक्कांचा काळू उलट्या पावलांनी मागं सरला आणि मान काढून घेऊन निसटायला लागला. अक्कांच्या सुनेनं त्याला कवटाळायला हात घातला, आणि काळूचे दात तिच्या मनगटात घुसले. काळू पळाला तो थेट उसात.

मग आमच्यातल्याच कुणीतरी हळद आणायला धावली, कुणी चुना. तेवढ्यात आशाताई आल्या आणि सगळ्यांवर ओरडल्या. हळद नाही, चुना नाही, तिखट तर नाहीच. नळाखाली हात धरायचा, साबण लावायचा आणि पंधरा मिनिटं घड्याळ लावून धुवायचं. पंधरा मिनिटं किती लांब असतात ते त्या दिवशी कळलं. मग आरोग्य केंद्रात लस. पहिल्या दिवशी, तिसऱ्या, सातव्या आणि अठ्ठाविसाव्या दिवशी. चार खेपा, चार दिवसांची मजुरी बुडाली. पण जीवाला घोर लागला तो मजुरीचा नव्हता. चावलेल्या कुत्र्यावर दहा दिवस नजर ठेवायची असते. ते धडधाकट राहिलं तर चावलं तेव्हा त्याच्या लाळेत रोग नव्हता असं समजतात. म्हणून काही लस घ्यायची थांबवायची नसते, ती लगेच सुरू करायची. पण कुत्रं डोळ्यासमोर असलं म्हणजे धीर येतो, आणि काळू तर उसात. रेबीजची लक्षणं एकदा दिसली की माणूस वाचत नाही म्हणतात, ते आम्हाला सगळ्यांना माहीत होतं. दोन दिवस त्या घरात चूल पेटली, पण भाकरी टोपल्यातच राहिली.

तिसऱ्या दिवशी पहाटे काळू ओट्याखाली येऊन बसला. अंगाला काटे, कान पडलेले. अक्कांचे मालक म्हणाले, पोत्यात घालून घाटात सोडून येतो. आणि ज्या सुनेला तो चावला होता, तीच आडवी आली. म्हणाली, "मामंजी, त्याचा गळा आवळला म्हणून तो चावला. माझा आवळला असता तर मीही चावले असते." सून सासऱ्यापुढं इतकं बोलली हे पाहून काळूपेक्षा अक्काच जास्त गप्प झाल्या!

दिवाळीत आमच्या सचिवताईंची भाची सुट्टीला आली. ती पशुवैद्यकाचं शिकते. तिनं काळूला लांबूनच पाहिलं, आणि आमच्या हातातली दोरी बघून कपाळाला हात लावला. म्हणाली, "मावशी, गळ्याला ओढ बसली की कुत्र्याला वाटतं आपला जीव चाललाय. ओढ छातीवर बसू द्या." शहरात ज्याला हार्नेस म्हणतात ते काय असतं ते तिनं कागदावर काढून दाखवलं. आम्ही त्याला अंगपट्टा म्हणायला लागलो. मानेच्या बुडाशी एक फेरा, पुढच्या पायांच्या मागून छातीभोवती दुसरा फेरा, आणि दोन्ही जोडणाऱ्या दोन पट्ट्या, एक पाठीवर आणि एक छातीखालून. दोरी अडकवायची कडी पाठीवर. झालं.

विकत आणायचा तर तालुक्याला जावं लागतं आणि मापाचा मिळेलच असं नाही. आमच्यात एक वहिनी ब्लाउज शिवतात. त्यांनी जुन्या खाटेची सुती नवार धुऊन घेतली. इंच-सव्वा इंच रुंदीची होईल अशी दुमडून दुहेरी टीप मारली. बकल पोराच्या फाटलेल्या दप्तराचं, लोखंडी कडी हार्डवेअरच्या दुकानातली. काखेत काचू नये म्हणून तिथं जुन्या सुती लुगड्याचं अस्तर लावलं. नायलॉनची दोरी अजिबात वापरू नका, ती कातडी सोलते. माप असं घ्यायचं. छाती जिथं सगळ्यात रुंद तिथं टेप फिरवायची. आमच्या काळूची छाती २२ इंच भरली. पट्टा बांधल्यावर आपली दोन बोटं आडवी आत सरकली पाहिजेत. जास्त ढिला झाला तर कुत्रं पाय अडकवून घेतं आणि मागं सरून निसटतं. छातीभोवतीचा फेरा काखेला चिकटून नको, दोन बोटं मागं हवा. आणि पुढची पट्टी नरड्यावर यायला नको, खाली छातीच्या हाडावर यायला हवी. वहिनींचा पहिला पट्टा नेमका नरड्यावर आला. उसवला, परत शिवला.

पट्टा तयार झाला म्हणून आम्ही लगेच काळूच्या डोक्यातून घालायला निघालो होतो. भाचीनं थांबवलं. तिनं आम्हालाच विचारलं, तुमच्या घरी गोऱ्हा औताला कसा शिकवतात? आता हे आम्हाला का माहीत नाही! पहिल्या दिवशी कुणी गोऱ्ह्याला नांगराला जुंपत नाही. आधी खांद्यावर हात फिरवायचा. मग नुसतं जू टेकवायचं आणि काढायचं. मग शिकलेल्या बैलाच्या जोडीला रिकामं चालवायचं, मग एखादं हलकं लाकूड ओढायला द्यायचं. घाई केली तर गोऱ्हा जन्मभर जू बघून बिथरतो. "मग कुत्र्याला का घाई?" ती म्हणाली. आम्ही गप्प.

अंगपट्ट्याची सवय अशी लावली, ते सांगतो. पहिले दोन दिवस पट्टा नुसता जमिनीवर ठेवला, काळूच्या भाकरीच्या थाळीपासून हातभर लांब. तो आला, लांबून मान ताणून हुंगला, मागं सरला. मग जेवला. दुसऱ्या दिवशी थाळी पट्ट्याच्या शेजारी. त्यानं पट्टा चाटला. तेवढंच. सुनेनं त्याला हात लावला नाही.

मग खाऊ. रोजची भाकरी कुत्र्याला पगारासारखी वाटते, बक्षिसासारखी नाही. म्हणून उकडलेल्या अंड्याचे नखाएवढे तुकडे केले. मटण-कोंबडीचा तुकडा चालतो, पण शिजलेलं हाड नको, ते फुटून टोचतं. सुकट असेल तर मीठ धुऊन चिमूटभर. कांदा-लसणाचा रस्सा मात्र नको, कांदा कुत्र्याला विषासारखा आहे. आणि हे सगळं संध्याकाळच्या जेवणाआधी, पोट थोडं रिकामं असताना.

तिसऱ्या दिवशी सुनेनं मानेचा फेरा डाव्या हातात गोल धरला आणि उजव्या हातातला अंड्याचा तुकडा फेऱ्याच्या पलीकडे. काळूनं स्वतःहून तोंड आत घातलं, तुकडा घेतला, तोंड काढलं. फेरा त्याच्यावर ढकलायचा नाही, तो येईल तेवढाच येऊ द्यायचा. आधी नाकापर्यंत आला, मग डोळ्यांपर्यंत, मग कान. कानांशी दोन दिवस अडला. कान दबले की त्याला आवडत नाही. मग फेरा थोडा मोठा केला.

यात क्रम महत्त्वाचा. आधी पट्टा दिसला पाहिजे, मग खाऊ. आम्ही सुरुवातीला उलटं करत होतो. आधी अंडं दाखवून भुलवायचं आणि गुपचूप पट्टा चढवायचा. तसं केलं की कुत्रं अंड्यालाच भ्यायला लागतं. रशियात इवान पावलोव्ह नावाचे शास्त्रज्ञ होऊन गेले. १९०४ साली त्यांना नोबेल मिळालं. ते कुत्र्यांवर प्रयोग करायचे तेव्हा कुत्र्याला चौकटीत पट्टे लावून उभं करायचे. त्यांच्याकडचं एक कुत्रं एरवी गुणी, पण चौकटीत काही केल्या शांत राहीना. त्यांना आधी कारण कळेना. शेवटी असं लक्षात आलं की त्याला नुसतं बांधून घेणंच सोसत नाही. मग त्याचं दिवसभराचं जेवण त्या चौकटीतच द्यायला लागले. आधी ते नीट जेवेना, वाळलं, मग हळूहळू जेवायला लागलं आणि चौकटीत शांतही झालं. भाचीनं ही गोष्ट सांगितली तेव्हा अक्का म्हणाल्या, "इतका शिकलेला माणूस, त्यालाही वेळच लागला." आम्ही कुणाला उपाशी वाळवलं नाही हो. आमचे तुकडे छोटे आणि बेत लांबचा.

बकलाच्या आवाजाची गोष्ट वेगळी सांगायला हवी. बंद करताना बकल टक्क वाजतं. आपल्याला ते काहीच नाही, पण कुत्र्याच्या अगदी कानाशी वाजतं. काळू पहिल्या टक्कला दोन हात उडाला. मग आम्ही पाळीपाळीनं त्याच्यापासून लांब बसून बकल वाजवायचो. टक्क, तुकडा. टक्क, तुकडा. दोन दिवसांत आवाज आला की तो शेपूट हलवत यायला लागला. शेजारच्या पोराच्या दप्तराचं बकल वाजलं तरी यायचा.

आणि मग आम्ही चूक केली. भाऊबीजेला अक्कांच्या लेकी आल्या होत्या. आमच्या काळूचा पट्टा बघा, अशी हौस आली. तेव्हा तो नुसता मान घालण्यापर्यंत आलेला. अक्कांनी धरला, वहिनींनी दोन्ही बकलं लावली, पोरं गोल करून टाळ्या वाजवायला लागली. काळू जागच्या जागी उभा राहिला, दगडासारखा. आम्ही म्हटलं, बघा किती शांत! पहिल्यांदा नऊवारी नेसलेली पोरगी अंग चोरून उभी राहते ना, तसा. पण भाचीनं दाखवलं. जीभ नाकावरून फिरतेय, भूक नसताना. झोप नसताना जांभई येतेय. डोळ्यांचा पांढरा भाग दिसतोय, कान मागं, शेपूट पोटाखाली. ही शांती नव्हे, ही भीती. भीती जास्त झाली की कुत्रं थिजतं, आणि थिजलेलं कुत्रंच अचानक चावतं. पट्टा काढला तसा काळू अंग झाडून ओट्याखाली गेला. दुसऱ्या दिवशी पट्टा नुसता दिसला तरी उठून गेला.

परत पहिल्या दिवसापासून. पट्टा जमिनीवर, थाळी लांब. सुनेनं कुणाला बोल लावला नाही, पण तेव्हापासून शिकवायच्या वेळी अंगणाचं फाटक लावून घेतलं. आम्हालाही आत घेत नव्हती! एका वेळी चार-पाच मिनिटं, सकाळ-संध्याकाळ. त्याला नको होण्याआधीच ती थांबायची.

मानेचा फेरा बसला, मग छातीची पट्टी नुसती हातानं अंगाला लावून काढली. मग बकल एक, मग दोन. मग पट्टा घालून तिथंच थाळी. तो जेवला आणि विसरला. मग पट्टा घालून अंगणात चार पावलं. मग हलकी दोरी अडकवून ती नुसती मागं फरफटू दिली, आम्ही नजर ठेवून. मग दोरी हातात, पण सैल. त्यानं ओढलं की थांबायचं, दोरी सैल झाली की चालायचं. काळूला सगळं मिळून तीन आठवडे लागले. आमच्यातल्या एकीचं दीड वर्षाचं पिल्लू चार दिवसांत शिकलं, मिरवतही होतं. एका म्हाताऱ्या कुत्रीला डोक्यातून काहीच घालू देईना. तिला कधीतरी कुणी फासात धरलं असावं. तिच्यासाठी वहिनींनी मानेलाही बकल लावून दिलं, म्हणजे डोक्यातून घालायचंच नाही. हे आधी सुचलं असतं तर काळूचे कानही वाचले असते.

एक गोष्ट आम्ही पहिल्यापासून पाळली आणि ती भाचीनं दोनदा बजावली होती. पट्टा फक्त टोचायच्या दिवशी काढायचा नाही. तसं केलं तर पट्टा दिसला की सुई आली असं कुत्र्याला कळतं. म्हणून काळू पट्टा घालून मळ्यात जातो, शेळ्यांबरोबर ओढ्यावर जातो, गिरणीपर्यंत दळणाला जातो. मध्येच कधीतरी शाळेच्या पटांगणात जाऊन नुसतं अंडं खाऊन परत.

पट्टा चोवीस तास अंगावर ठेवायचा नाही, हेही सांगायला हवं. ओल मुरून आत केस गळतात, जखम होते, गोचिडं साठतात. पावसात भिजला तर काढून वाळवा. वाढत्या पिल्लाचं माप महिन्याला तपासा. गळ्यातला पट्टा मांसात रुतलेलं एक पिल्लू आम्ही या पंचक्रोशीत डोळ्यांनी पाहिलंय, जखमेत किडे पडलेले. आणि रात्री पट्ट्यानं अंगणात बांधून ठेवू नका. आमच्या भागात बिबट्या आहे. अकोले तालुक्यात अभ्यासकांनी बिबट्याच्या विष्ठेवरून त्याचं खाणं तपासलं, तर वजनाच्या हिशेबानं ३९ टक्के वाटा पाळीव कुत्र्यांचा निघाला. उघड्यावर बांधलेलं कुत्रं म्हणजे त्याला वाढलेलं ताट. काळू आता रात्री शेळ्यांच्या गोठ्यात, जाळीच्या दाराआड झोपतो. भुंकायचं काम तिथूनही होतं.

खर्च विचारत होत्या काही जणी. नवार घरची, बकल घरचं, कडी आणि दोरा विकत. वहिनी शिलाई घेत नाहीत असं सुरुवातीला म्हणाल्या. पण आम्ही बैठकीत ठरवलं की घ्यायची. गटातल्या बाईचं काम म्हणून फुकट, हे आम्ही पापडाच्या वेळीच सोडून दिलंय. आता शेजारच्या वाडीतूनही त्यांना माप येतं.

यंदा शिबिर २८ सप्टेंबरला होतं. तो जागतिक रेबीज दिन, लुई पाश्चर यांची पुण्यतिथी. १८८५ साली त्यांचीच रेबीजची लस पहिल्यांदा माणसाला टोचली गेली होती. आमच्या अकरापैकी नऊ कुत्री अंगपट्ट्यात चालत गेली. काळूच्या पुढं सून, तिच्या मनगटावर दातांच्या दोन खुणा अजून आहेत. अक्कांचे मालक मागून लांबून चालत होते, आपण यांच्यातले नाही असं दाखवत. टेबलाशी काळूनं जीभ नाकावरून फिरवली. सुनेनं ते पाहिलं, डॉक्टरांना म्हणाली, "जरा थांबा साहेब." दोन पावलं मागं नेला, अंड्याचा तुकडा दिला, परत आणला. डॉक्टर थांबले. त्यांनी पाठीमागून सुई टोचली तेव्हा काळू सुनेच्या हातातलं अंडं हुंगत होता. मान वळवून एकदा बघितलं, आणि परत अंडं.

घरी येताना मामंजींनी दोरी मागून घेतली. गिरणीपर्यंत त्यांनीच धरली.

राहिलेली दोन कुत्री. एक अजून थाळीपासून हातभर लांबच आहे. दुसरं पट्टा चावून खातं, त्याचा तिसरा पट्टा चालू आहे. पिल्लं तीन महिन्यांची झाली की पहिली लस आणि पुढं दरवर्षी, एवढं वहीत लिहून ठेवा. अंगपट्ट्याचं कागदी कटिंग आमच्या गटाकडं आहे. आपल्या कुत्र्याच्या छातीचं आणि मानेच्या बुडाचं माप घेऊन या, वहिनी बुधवारी दुपारी घरी असतात. येताना कुत्रं आणू नका मात्र. काळूला अजून पाहुणी कुत्री खपत नाहीत.

येतो आम्ही. नमस्कार.